नाव नको, माप सांग

बाळा, आशीर्वाद.

तुझी मेल दोनदा वाचली. दुबईच्या पार्टीची ऑर्डर, आतून पीटीएफई (टेफ्लॉन) लायनिंग असलेले चाळीस बॉल व्हॉल्व्ह. विक्रीवाले म्हणतात, शिपिंग बिलावर ‘इंडस्ट्रियल व्हॉल्व्ह’ लिही आणि काढ माल. तू दोन दिवस सही न करता अडून बसली आहेस. आणि शेवटी एक ओळ: ‘व्यापार वाणिज्य खात्याचा, सुरक्षा संरक्षण खात्याची, यात मी कुठून आले?’ त्या ओळीमुळे लिहायला बसलो. अडून बसलीस ते योग्यच, त्याचं वेगळं कौतुक करत नाही. पण का अडलीस हे तुला चार वाक्यांत सांगता येत नाहीये, आणि ते जमलं नाही तर तिसऱ्या दिवशी तू सही करशील.

म्हणून आधी हे पक्कं कर: नाव नको, माप सांग.

‘इंडस्ट्रियल व्हॉल्व्ह’ हे नाव झालं. 8481 हा एचएस कोड, म्हणजे कस्टमचा वर्गवारीचा आकडा, तोसुद्धा नावच. त्याच कोडखाली बाथरूमचा नळ येतो आणि केमिकल रिअॅक्टरवरचा व्हॉल्व्हही येतो. ड्यूटी काढायला तो कोड पुरतो, स्कोमेटला, म्हणजे शस्त्रासाठीही वापरता येणाऱ्या मालाच्या सरकारी निर्यात-यादीला, पुरत नाही. स्कोमेटची यादी तुझ्या मालाचं नाव विचारतच नाही. ती विचारते, बोअर, म्हणजे आतलं भोक, किती मिलिमीटर? रसायनाला लागणारा पृष्ठभाग कशाचा? टाकी किती लिटरची? व्हॉल्व्हचं सांगायचं तर 10 मिलिमीटरच्या वरचा साइज आणि रसायनाला लागणारा सगळा पृष्ठभाग फ्लोरोपॉलिमर (पीटीएफई त्यातलंच), टँटलम, टायटॅनियम, झिर्कोनियम, काच किंवा भरपूर निकेलच्या मिश्रधातूचा असेल, तर तो यादीत आला. तुझ्या व्हॉल्व्हची बॉडी बिडाची आहे म्हणून विक्रीवाले निश्चिंत आहेत. बॉडीला विचारतंय कोण? रसायन बिडाला शिवतच नाही, ते पीटीएफईला शिवतं. बॉलही लाइन केलेला आहे का ते ड्रॉइंगवर बघ. असेल तर वाद संपला.

हीच मापं का, हेही समजून घे, नुसतं पाठ करू नकोस. सरिनसारखा विषारी वायू बनवताना हायड्रोजन फ्लोराइड आणि हायड्रोक्लोरिक अॅसिड येतं. साधं पोलाद ते खाऊन टाकतं, व्हॉल्व्ह गळतो आणि बनवणाराच आधी मरतो. कीटकनाशकांच्या कारखान्यातही अशीच गंजवणारी रसायनं असतात आणि तिथेही हाच व्हॉल्व्ह लागतो. 1980 च्या दशकात इराकने कीटकनाशकांच्या नावाखाली परदेशातून यंत्रसामग्री आणि रसायनं उचलली आणि इराणविरुद्धच्या युद्धात विषारी वायू वापरला. त्यानंतर 1985 मध्ये असा माल चुकीच्या हातात जाऊ नये म्हणून ऑस्ट्रेलिया ग्रुप हा देशांचा गट उभा राहिला. तुझ्या टेबलावरची मापं तिथून आलेली आहेत. भारत त्या गटात जानेवारी 2018 मध्ये गेला.

कुठे चुकतं तेही सांगतो, कारण चूक दर वेळी एकाच जागी होते. धातूच्या ग्रेडच्या नावावर विसंबतात. एसएस 316 मध्ये निकेल 10 ते 14 टक्के, तो सुटला. हॅस्टेलॉय सी-276 मध्ये निकेल निम्म्याहून जास्त, तो अडकला. इथपर्यंत सगळ्यांना येतं. पण अलॉय 20 घे. यादीची एक अट निकेल 25 टक्क्यांच्या वर आणि क्रोमियम 20 टक्क्यांच्या वर अशी आहे. अलॉय 20 मध्ये निकेल 25 च्या वरच असतं, आणि क्रोमियम 20 च्या आसपास, कधी थोडं खाली, कधी थोडं वर. म्हणजे एक हीट, भट्टीतून निघालेली एक खेप, यादीबाहेर आणि पुढची हीट यादीत! कॅटलॉग बघून हे कसं कळणार? फाउंड्रीचं मटेरियल टेस्ट सर्टिफिकेट काढ, हीट नंबर बॉडीवरच्या नंबरशी जुळव, क्रोमियमचा आकडा स्वतःच्या डोळ्यांनी वाच. सीएचए, म्हणजे आपला कस्टम एजंट, हे करणार नाही. ते त्याचं काम नाही, तुझं आहे.

माप नुसतं वस्तूचं नसतं, मागणीचंही असतं. मूतखडा फोडायच्या यंत्रात ट्रिगर्ड स्पार्क गॅप नावाचा एक स्विच असतो. तोच अण्वस्त्राच्या स्फोटयंत्रणेतही चालतो. हॉस्पिटलला असे मोजकेच लागतात. 2003 मध्ये दक्षिण आफ्रिकेमार्गे पाकिस्तानात जायच्या एका ऑर्डरमध्ये ते 200 होते. कागदावर कारण वैद्यकीय होतं, आणि हॉस्पिटल हा शब्द वाचून तिथेच थांबणारा माणूस माल सोडून मोकळा झाला असता. 200 हा आकडा वाचणारा अडला असता.

आपल्या दारातलंच बघ. फेब्रुवारी 2020, कांडला बंदर. चीनहून कराचीला निघालेल्या जहाजावर कागदोपत्री ‘इंडस्ट्रियल ड्रायर’ होता. तपासणाऱ्यांनी तो मोजला आणि क्षेपणास्त्राच्या मोटरसाठी वापरता येईल असा ऑटोक्लेव्ह (दाबाखाली तापवणारी बंद टाकी) असल्याचा निष्कर्ष काढला. जानेवारी 2024, न्हावा शेवा. चीनहून कराचीलाच चाललेलं इटालियन बनावटीचं, संगणकावर चालणारं सीएनसी मशीन, वजन 22,180 किलो. कागदावर माल घेणारी पार्टी सियालकोटची, तपासात निघाली भलतीच, जिचा आधीचाही एक माल 2022 मध्ये याच बंदरात अडवलेला होता. पाकिस्तानचं म्हणणं, ते साधं लेथ मशीन आहे, गाड्यांचे सुटे भाग बनवायला. लेथ म्हणायला हरकत कुणाची आहे? एकाच वेळी किती अक्ष चालतात आणि अचूकता किती मायक्रॉन, हे सांगितल्याशिवाय ‘लेथ’ या शब्दाला काही अर्थ नाही.

आणि हे फक्त शेजाऱ्यांचं दुखणं समजू नकोस. 1980 च्या दशकाच्या सुरुवातीला जपानच्या तोशिबा मशीनने सोव्हिएत संघाला पाणबुडीचे पंखे घडवणारी नऊ अक्षांची मिलिंग मशीन विकली. परवान्याच्या अर्जात दुसरंच, परवानगीत बसणारं मॉडेल लिहिलं होतं. 1987 मध्ये ते उघडकीला आलं तेव्हा मूळ तोशिबा कंपनीच्या दोन्ही वरिष्ठ पदाधिकाऱ्यांना पायउतार व्हावं लागलं आणि अमेरिकेने निर्बंध घातले. अर्जातलं एक मॉडेलचं नाव. तेवढ्यावर दोन देशांचा व्यापार ढवळून निघाला. आता सांग, तू यात कुठून आलीस?

मला धंद्याच्या आड येणारा म्हणायचे, तुझ्या कानावर आलंच असेल. म्हणोत. पोखरणनंतर 1998 मध्ये अमेरिकेने अनेक भारतीय संस्था आणि कंपन्या एन्टिटी लिस्टवर, म्हणजे परवान्याशिवाय माल द्यायचा नाही अशांच्या यादीवर, टाकल्या, तेव्हा साध्या उपकरणासाठीही आपल्याला नकार मिळत होते. ती दारं घोषणांनी उघडली नाहीत. 2005 चा सामूहिक संहाराच्या शस्त्रांविरुद्धचा कायदा आला, यादी जागतिक मापांना जुळवली, 2016 मध्ये क्षेपणास्त्र तंत्रज्ञानाच्या गटात, 2017 मध्ये वासेनार या शस्त्रं आणि दुहेरी वापराच्या मालाच्या गटात आपण गेलो. इथून चुकीच्या हातात माल जात नाही असा भरवसा बसला की तिथून हवा तो माल इथे येतो. म्हणजे तू अडवलेला प्रत्येक व्हॉल्व्ह निर्यातीच्याच बाजूचा असतो. हे मी तेव्हा विक्रीच्या पोरांना समोर बसवून शिकवायला हवं होतं. मी फायली अडवत राहिलो आणि गृहीत धरलं की त्यांना कारण कळतंय. त्यांना कळत नव्हतं. ती चूक माझी, आणि ती तू करू नयेस म्हणून एवढं लांबण लावतोय.

तुझा दुसरा प्रश्न जास्त अवघड होता आणि तो तू कंसात टाकलास. ‘सुरक्षेच्या नावाखाली सगळेच देश आपापला धंदा वाचवतात, मग आपणच एवढं सोवळं का पाळायचं?’ वाचवतात. अगदी खरं आहे. 1975 मध्ये स्वीडनने बुटांच्या आयातीवर कोटा घातला आणि कारण दिलं देशाच्या संरक्षणाचं. मार्च 2018 मध्ये अमेरिकेने सुरक्षेच्या कलमाखाली पोलादावर 25 आणि अॅल्युमिनियमवर 10 टक्के कर लावला. पण तिथेही तुझी फुटपट्टी तीच. त्यांच्याच संरक्षणमंत्र्यांनी तेव्हा लेखी कळवलं होतं की सैन्याची गरज अमेरिकी उत्पादनाच्या साधारण 3 टक्के आहे. सुरक्षा हे नाव, 3 टक्के हे माप. डिसेंबर 2022 मध्ये जागतिक व्यापार संघटनेच्या पॅनेलनेही तो बचाव मान्य केला नाही. निकाल अमलात आला नाही, कारण अपील ऐकणारं मंडळच 2019 च्या अखेरीपासून बंद आहे.

आता याच्या शेजारी मॅग्नेट ठेव. 4 एप्रिल 2025 ला चीनने सात दुर्मीळ मृदा मूलद्रव्यांच्या आणि त्यांच्या मॅग्नेटच्या निर्यातीवर परवाना लावला. निओडिमियमच्या मॅग्नेटमध्ये थोडं डिस्प्रोशियम नसेल तर मोटर तापल्यावर त्याचं चुंबकत्व उतरतं. एवढ्याशा वस्तूपायी त्या उन्हाळ्यात नि पावसाळ्यात आपल्या पुण्याच्या पट्ट्यातही ई-स्कूटरचं उत्पादन कमी करावं लागलं. आणि चीनने आपल्या कंपन्यांकडे काय मागितलं? एन्ड-यूजर सर्टिफिकेट. मॅग्नेट शस्त्रात जाणार नाही याची हमी. जो कागद तू दुबईकडे मागायला कचरते आहेस, तोच आपल्याकडे मागितला गेला आणि आपण निमूट भरून दिला. नोव्हेंबर 2025 मध्ये केंद्राने वर्षाला 6,000 टन मॅग्नेटची क्षमता उभी करायला 7,280 कोटींची योजना मंजूर केली. ही योजना मला पटते, कारण तिच्यात टन आहेत. उद्या कुणी आयातबंदी मागताना ‘राष्ट्रहित’ म्हणाला तर त्याला विचार, पुरवठादार किती, साठा किती दिवसांचा, दुसरा स्रोत उभा राहायला किती वर्षं. उत्तरात आकडा नसेल तर तो स्वतःचा गल्ला सांभाळतोय.

अडवणाऱ्यालाही हिशेब टळत नाही बरं. हव्या त्या ताकदीचा क्रे सुपरकॉम्प्युटर अमेरिकेने आपल्याला नाकारला, म्हणून पुण्यात 1988 मध्ये सी-डॅक ही सरकारी संस्था सुरू झाली, 1991 मध्ये आपला स्वतःचा सुपरकॉम्प्युटर परम 8000 उभा राहिला. बंदी घालताना समोरचा ती वस्तू किती वर्षांत स्वतः बनवेल, हेही मोजायचं असतं. ते तुझ्या हातातलं नाही, सोड.

तुझ्या हातात दुबईची ऑर्डर आहे. उद्या सकाळी पार्टीला लिही: व्हॉल्व्ह कुठल्या प्लांटला बसणार, पत्ता काय, कुठल्या लाइनवर, त्यातून कोणतं रसायन, किती दाबाने, किती तापमानाला. ट्रेडर म्हणेल, ‘सर्टिफिकेटवर मीच सही करतो.’ चालणार नाही. तो मधला माणूस आहे, वापरणारा नाही. सही प्लांट चालवणाऱ्याची, त्याच्याच लेटरहेडवर हवी. वापराच्या रकान्यात ‘औद्योगिक उपयोगासाठी’ असं आलं तर परत पाठव, ते पुन्हा नावच झालं. पीओवरचा (खरेदी ऑर्डरवरचा) नग, सर्टिफिकेटवरचा नग आणि अर्जातला नग एकच असू दे. मॉडेल नंबर अक्षरशः तोच असू दे, यातल्या फरकामुळे अर्ज परत येऊ शकतो. पत्ता फ्री झोनमधल्या गोदामाचा निघाला, किंवा गंजाच्या लाइनवरचे चाळीस व्हॉल्व्ह घेऊन स्पेअर सीट, म्हणजे आतली झिजणारी सीलची कडी, एकही नको म्हणाले, तर कान टवकार. खरा प्लांटवाला स्पेअर आधी विचारतो. आणि ही उत्तरं येईपर्यंत डिटेल ड्रॉइंग मेलने पाठवू नकोस, तंत्रज्ञान पाठवणं हीसुद्धा निर्यातच आहे.

मग डीजीएफटीच्या, म्हणजे विदेश व्यापार महासंचालनालयाच्या, पोर्टलवर अर्ज. तो आंतरमंत्रालयीन गटापुढे जातो, तिथे परराष्ट्र, संरक्षण, अणुऊर्जा सगळे बसतात. वेळ लागतो, विक्रीवाल्यांना तारीख आजच पुढची द्यायला सांग. माल यादीत नाही असं निघालं तरी मोकळी झालीस असं नाही. तो शस्त्रासाठी जातोय असं कळलं किंवा तसं मानायला कारण असलं तर यादीबाहेरचा मालही अडतो. म्हणून ‘यादीत नाही’ हेसुद्धा मापांसकट लिहून, तारीख घालून फाइलला लाव.

बॉलच्या लायनिंगचा सेक्शन ड्रॉइंगवर दिसत नसेल तर शॉपमध्ये जाऊन एक नग उघडून बघ. व्हर्निअर घेऊन जा. काय निघालं ते मला कळव.

तुझा,
काका