मुलीच्या अकाउंटचा पासवर्ड आधी मुलीला द्या

नमस्कार दादा,

तुमचा मेल दोनदा वाचला. नाशिकला सिडकोत राहता, मुलगी अकरावी कॉमर्सला, वय 16, दहावीला 71 टक्के, इन्स्टाग्रामवर 62 हजार फॉलोअर्स, आणि तुमचा प्रश्न असा की कॉलेज बंद करून 17 नंबरचा फॉर्म भरावा, बारावी बाहेरून करावी आणि सरळ मुंबईला शिफ्ट व्हावं का, म्हणजे ऑडिशन आणि रील दोन्हीला वेळ मिळेल. तर नको. 17 नंबरचा फॉर्म ज्यांचं शिक्षण मधेच सुटलंय त्यांच्यासाठी आहे, चांगलं चालू असलेलं कॉलेज मोडायला नाही.

मार्कांची मला काही काळजी वाटली नाही. काळजी वाटली ती तुम्ही मेलच्या शेवटी सहज लिहून टाकलेल्या गोष्टींची. अकाउंट तुम्ही चालवता, तिच्या नावाने कमेंटना उत्तरं तुम्ही देता, टीन अकाउंटमुळे रीच (रील किती जणांपर्यंत पोचते ते) पडेल म्हणून जन्मतारीख तुमची टाकली आणि सोमेश्वरच्या धबधब्यावरच्या रीलखाली तिच्या अंगाबद्दल जे काही लोकांनी लिहिलं ते डिलीट केलं नाही, कारण भांडणाच्या कमेंटनेही रीच वाढतो. आणि मग पुढे, 'हल्ली रात्री मोबाईल घेऊन बाथरूममध्ये बसून राहते, अभ्यासाचं टेन्शन असावं.' दादा, अभ्यासाच्या टेन्शनने कोणी मोबाईल घेऊन बाथरूममध्ये बसत नाही हो. बहुतेक ती त्याच कमेंट वाचत असणार, आणि वर तिच्याच नावाने तुम्ही टाकलेले हसरे इमोजी पण बघत असणार.

इन्स्टाग्रामने 18 च्या आतल्या मुलांसाठी टीन अकाउंट आणलं, भारतात ते 2025 मध्ये सुरू झालं, त्यात अकाउंट आपोआप प्रायव्हेट असतं आणि अनोळखी माणसाला त्या मुलांना मेसेज करता येत नाही. ते कुंपण तुम्ही स्वतःच्या हाताने काढलंत. आज एक काम करा, इन्स्टाग्रामचा प्रोफेशनल डॅशबोर्ड उघडा, त्यात फॉलोअर्सचं वय, शहर, स्त्री-पुरुष असं सगळं दिसतं. तुमच्या 16 वर्षांच्या मुलीला रोज बघणाऱ्यांमध्ये मोठे पुरुष किती आहेत ते एकदा शांतपणे बघा, तिच्या आईलाही दाखवा.

तुम्ही लिहिलंय की सगळ्या सेलिब्रिटींना ट्रोलिंग सहन करावंच लागतं. निळू फुलेंचं काम बघून बायका त्यांना खरोखर शिव्या घालायच्या, पण त्या शिव्या पडद्यावरच्या माणसाला होत्या, ती त्यांच्या कामाला मिळालेली पावती होती. तुमच्या मुलीने अजून कुठली भूमिकाच केलेली नाही, त्यामुळे जे येतं ते थेट तिच्यावर येतं, मधे काहीच नाही. आणि मोठ्यांनाही ते झेपतं असं समजू नका. स्पायडरमॅन करणाऱ्या टॉम हॉलंडने ऑगस्ट 2022 मध्ये मनावर परिणाम होतोय असं सांगून ब्रेक घेतला. गायिका सेलेना गोमेझ तर 2016 मध्ये इन्स्टाग्रामवर जगात सगळ्यात जास्त फॉलोअर्स असलेली व्यक्ती होती, आणि पुढच्याच वर्षी तिने मुलाखतीत सांगितलं की माझ्या अकाउंटचा पासवर्ड माझ्याकडे नाहीये. तुम्ही म्हणाल मग मी तेच करतोय की. नाही ना, ती मोठी बाई आहे, अकाउंट सांभाळणारी माणसं तिने पगारावर ठेवलेली असतात, नको वाटलं की ती त्यांना काढू शकते. तुमची मुलगी वडिलांना कशी काढणार?

आता फॉलोअर्स वाढले की मालिकेत काम मिळतं हा जो समज आहे, हा मला दर आठवड्याला कोणी ना कोणी सांगतं. ऑडिशनच्या वेळी इन्स्टा आयडी विचारतात हे खरं आहे, प्रोड्यूसरला वाटतं प्रमोशन फुकट होईल. पण पंधरा सेकंद गाण्यावर ओठ हलवणं वेगळं आणि सकाळी हातात आलेला सीन दुपारी समोरच्या नटाकडे बघत, त्याचं ऐकत, दहा वेळा तसाच करणं वेगळं. डेली सोपचं शूटिंग रोज बारा-तेरा तास चालतं, तिथे ज्याला वाक्य नीट बोलता येत नाही तो सगळ्या युनिटचा वेळ खातो, मग फॉलोअर्स कितीही असोत. शिवाय ते 62 हजार तुमचे नाहीतच, ते कंपनीचे आहेत. 29 जून 2020 ला टिकटॉक बंद झालं तेव्हा आपल्याकडच्या खेड्यापाड्यातल्या किती पोरापोरींचे लाखो फॉलोअर्स एका रात्रीत गेले, आठवतंय का? आणि रील बघणारा माणूस बोटाने वर सरकवून पुढे जातो, तो तिकीट काढून नाटकाला येईलच असं नाही.

पैशाचंही विचारते. साडीच्या दुकानाच्या जाहिरातीचे पैसे तुमच्या खात्यात आले असं लिहिलंय. सिनेमा-मालिकांत काम करणाऱ्या 14 च्या आतल्या मुलांसाठी नियम आहे, दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम नाही आणि कमाईतला किमान 20 टक्के भाग मुलाच्या नावाने एफडीत. तुमची मुलगी 16 ची, त्यात घरच्या घरी रील, त्यामुळे हा नियम तुम्हाला लागू नाही. पण कमाई तिची आहे, खातं तिच्या नावाने उघडा.

तिला खरंच अभिनय करायचा असेल (हे तिने म्हटल्याचं मेलमध्ये कुठेच दिसलं नाही) तर बारावीनंतर पुण्यात विद्यापीठाचं नाटक शिकवणारं ललित कला केंद्र आहे, फिल्म इन्स्टिट्यूटच्या (एफटीआयआय) अभिनयाच्या कोर्सला आधी पदवी लागते. तोपर्यंत नाशिकमध्येच कॉलेजच्या एकांकिकेत घुसू दे, राज्य नाट्य स्पर्धेची नाटकं सायखेडकर नाट्यगृहात लागतात ती बघू दे. आणि कॅमेरा, एडिटिंगच आवडत असेल तर तोही वेगळा आणि चांगला रस्ता आहे, नाशिकच्याच एचपीटी कॉलेजला पत्रकारिता आहे.

पण हे सगळं नंतर. आज रात्री त्या रीलखालच्या कमेंट काढा, जन्मतारीख खरी करा, अकाउंट प्रोफेशनलवरून साधं पर्सनल करून प्रायव्हेट करा आणि पासवर्ड तिच्या हातात द्या, तिने अकाउंटच बंद केलं तर करू द्या, एक शब्द बोलू नका. आईला तिच्याजवळ झोपू द्या थोडे दिवस. आणि शनिवारी तिला माझ्याकडे घेऊन या, मी आधी तिच्याशी एकटीशी बोलेन, तुम्ही बाहेर बसायचं.