विज्ञान शाखेनंतर व्हिक्टोरियन साहित्याचा अभ्यास

सप्रेम नमस्कार.

बारावी विज्ञान शाखेत असलेली आपली कन्या रोनाल्ड थॉमस यांचे गुप्तहेरकथा आणि न्यायसहायक विज्ञान (फॉरेन्सिक) यांच्या नात्यावरचे १९९९ सालचे पुस्तक वाचून भारावली आहे आणि फॉरेन्सिकच्या बी.एस्सी.ऐवजी इंग्रजी घेऊन बी.ए. करण्याचा हट्ट धरून बसली आहे, असे आपण कळवले आहे. यात पुढे पोटापाण्याचे काय, ही आपली काळजी रास्त आहे.

फॉरेन्सिकची पदवी घेणारा प्रयोगशाळेत नमुने तपासतो. थॉमस यांचा प्रश्न निराळा आहे: बोटांचे ठसे, गुन्हेगारांची छायाचित्रे आणि लाय डिटेक्टर यांवर समाजाचा विश्वास बसण्यात कथाकादंबऱ्यांचा वाटा किती? इंग्रज लेखक विल्की कॉलिन्स यांच्या १८६८ सालच्या 'द मूनस्टोन' या कादंबरीत श्रीरंगपट्टणच्या लुटीतला हिरा इंग्लंडमधल्या एका घरातून नाहीसा होतो. तो खोलीतून कोणी हलवला, याचा उलगडा एका डॉक्टरच्या सहायकाने केलेल्या प्रयोगातून होतो. त्या रात्री अफूच्या अमलाखाली असलेल्या माणसालाच पुन्हा अफूचा अर्क देऊन तेव्हाची परिस्थिती उभी केली जाते. प्रयोगाच्या समर्थनार्थ हा सहायक कार्पेंटर आणि एलियटसन या खऱ्याखुऱ्या डॉक्टरांचे दाखले देतो. ते मूळ ग्रंथ शोधून कादंबरीकाराने त्यांतून काय घेतले आणि काय वळवले हे तपासणे, हे व्हिक्टोरियन, म्हणजे एकोणिसाव्या शतकातल्या इंग्रजी साहित्याच्या अभ्यासकाचे काम, आणि तिथे बारावीचे जीवशास्त्र मुळीच वाया जात नाही.

भारतीय विद्यार्थिनीला तर इथे मोठे दालन आहे, असे माझे ठाम मत आहे; कारण बोटांच्या ठशांची कथा बरीचशी भारतातच घडली. ब्रिटिश अधिकारी विल्यम हर्शेल यांनी १८५८ मध्ये बंगालमधील जंगीपूरला करारनाम्यावर हाताचा ठसा घेतला, १८९७ मध्ये कलकत्त्यात ठसे विभाग सुरू झाला, आणि अझीझुल हक व हेमचंद्र बोस या भारतीय पोलीस अधिकाऱ्यांच्या परिश्रमांतून उभी राहिलेली वर्गीकरणाची पद्धत १९०१ मध्ये स्कॉटलंड यार्डात, म्हणजे लंडन पोलिसांच्या मुख्यालयात, पोहोचली.

वाट मात्र लांबची आहे. बी.ए., एम.ए., नेट किंवा सेट (प्राध्यापकपदाच्या पात्रता परीक्षा) आणि पीएच.डी. यांत आठ-दहा वर्षे जातात. कनिष्ठ संशोधन शिष्यवृत्ती मिळाल्यास २०२३ पासूनच्या दराने दरमहा ३७,००० रुपये मिळतात, पण प्राध्यापकांची कायम पदे थोडी आहेत. प्रकाशन आणि अनुवाद ही क्षेत्रे तोवर हाताशी ठेवावी लागतील.

म्हणून परीक्षा संपल्यावर तिची आवड पारखून पाहावी. लंडनच्या ओल्ड बेली न्यायालयातील १६७४ ते १९१३ या काळातल्या खटल्यांचे वृत्तांत इंटरनेटवर विनामूल्य वाचता येतात. विषप्रयोगाचा एक खटला निवडून त्यातली डॉक्टरांची साक्ष तिने 'द मूनस्टोन'मधल्या प्रयोगाशी ताडून पाहावी आणि त्यावर चार पाने लिहावीत. कंटाळवाण्या साक्षींतही तिचे मन रमले, तर बी.ए.ला खुशाल प्रवेश घ्यावा. फक्त गुन्ह्याचे रहस्यच तिला ओढत असेल, तर फॉरेन्सिकचा विचार पुन्हा करावा. निकाल लागेपर्यंत दोन्ही ठिकाणचे प्रवेश अर्ज भरून ठेवावेत.