आर्कमध्ये रेक्स बेशुद्ध पडतो, मांसही घातलं, तरी तो टेम का होत नाही?

तुमच्या लांबलचक प्रश्नातलं मला समजलं ते असं: 'आर्क: सर्व्हायव्हल इव्हॉल्व्ड' या डायनासोर टेम करण्याच्या, म्हणजे पाळीव करण्याच्या, व्हिडिओ गेममध्ये तुम्ही सिंगल प्लेयरवर, द आयलंड नकाशावर खेळताय. तुमची लेव्हल 41 आहे. धनुष्य आणि ट्रँक ॲरोंनी (गुंगी आणणाऱ्या बाणांनी) लेव्हल 20 चा रेक्स डायनासोर पाडलात, त्याच्या इन्व्हेंटरीत (सामानाच्या यादीत) नार्कोटिक, म्हणजे गुंगीचं औषध, आणि कच्चं मांस ठेवलंत आणि लवकर व्हावं म्हणून मांस स्वतः भरवलंत. तरी टेमिंगची पट्टी जागची हलली नाही आणि तो उठून तुमच्याच मागे लागला. दुसऱ्या वेळी तुमचा पाळीव राप्टर सोबत होता, तेव्हा रेक्स झोपेतच मेला. शिवाय एक माकड बेरी घ्यायला तयार नाही. हा गेममधला बग आहे का, असं तुम्ही विचारलंय.

बग नाही. आर्कमध्ये बग भरपूर आहेत, पण या चारही गोष्टी नियमाप्रमाणेच झाल्या आहेत. तुम्ही बघत होतात ती टेमिंगची पट्टी, आणि ती बघून काहीच कळत नाही. बेशुद्ध जनावराची इन्व्हेंटरी उघडली की त्याचे आकडे दिसतात. त्यातले दोनच कामाचे: टॉर्पर आणि फूड. टॉर्पर म्हणजे गुंगी अजून किती शिल्लक आहे, फूड म्हणजे पोट किती भरलेलं आहे. टॉर्पर शून्यावर येऊ द्यायचा नाही आणि पोट रिकामं होऊ द्यायचं. बाकी सगळं या दोनातून आपोआप होतं.

आता तुमचा पहिला रेक्स. नार्कोटिक आणि मांस या दोन गोष्टींचा नियम बरोबर उलटा आहे, आणि तुम्ही दोन्हींची अदलाबदल केलीत. नार्कोटिक नुसतं इन्व्हेंटरीत ठेवून उपयोग नाही, जनावर ते आपणहून कधीच घेत नाही. ते निवडून 'ई' दाबून तुम्हालाच पाजावं लागतं. मांसाचं याच्या उलट. ते फक्त आत ठेवायचं आणि हात लावायचा नाही, भूक लागली की तो स्वतः खातो. असं स्वतः खाल्लेलंच टेमिंगमध्ये धरलं जातं. तुम्ही 'ई' दाबून कोंबलेलं मांस पोटात गेलं, फूडचा आकडा वर गेला, पण पट्टी तिथेच राहिली. त्यात पोट भरल्यामुळे तो पुढचं आपणहून खाईना. इकडे नार्कोटिक तसंच पडून, टॉर्पर घसरत शून्यावर आला आणि साहेब उठले. एकदा उठला की तोपर्यंतचं सगळं टेमिंग पुसलं जातं, पुन्हा पहिल्यापासून सुरुवात.

म्हणून पुढच्या वेळी रेक्स पडला की मांस ठेवा आणि सुरुवातीला काहीच घडत नाही म्हणून घाबरू नका. पडतो तेव्हा त्याचं पोट बहुतेक भरलेलंच असतं. मांसाच्या एका तुकड्याने फूड जेवढं भरतं, तेवढी जागा पोटात रिकामी झाल्याशिवाय तो पहिला घास घेत नाही. मोठ्या जनावरांना भूक लागायला वेळ लागतो, त्यामुळे बराच वेळ पट्टी शून्यावरच दिसते. मग एकदम थोडी सरकते, पुन्हा थांबते, पुन्हा सरकते. लोक नेमके या पहिल्या थांब्यात घाईला येऊन काहीतरी कोंबत सुटतात.

नार्कोटिकचं गणित सोपं आहे. एक नार्कोटिक टॉर्पर 40 ने वाढवतं, तेही एकदम नाही, काही सेकंदांत चढत चढत. नुसती नार्कोबेरी जेमतेम 7.5 ने. लेव्हल 20 च्या रेक्सचा एकूण टॉर्पर मूळ सेटिंगवर 3300 च्या आसपास असतो आणि रेक्सचा टॉर्पर तसा संथपणे उतरतो. त्यामुळे दर मिनिटाला पाजत बसायची गरज नाही. अर्ध्याच्या खाली आला की पाजून वर न्यायचा आणि पुन्हा आपल्या कामाला लागायचं. पण रेक्सवरून सगळ्यांचा अंदाज बांधू नका. गिगानोटोसॉरसचा टॉर्पर इतका भराभर उतरतो की त्याच्यापाशी ठाण मांडून बसावं लागतं, शेजारी नार्कोटिकची पेटी भरलेली हवी. प्रत्येक जनावराला किती बाण, किती नार्कोटिक आणि किती वेळ लागेल हे डोडोडेक्स नावाच्या ॲपमध्ये लेव्हल टाकून आधी बघता येतं. बाण सोडण्याआधी ते बघायची सवय लावा. त्यात तुमच्या सेटिंगचा टेमिंगचा वेगही भरायला विसरू नका, नाहीतर आकडे भलतेच येतात.

दुसरा रेक्स तुमच्या राप्टरने मारला, याबद्दल मला फारशी शंका नाही. बाण लागून लेव्हल 20 चा रेक्स सहसा मरत नाही. धनुष्यातून सोडलेला ट्रँक ॲरो 90 टॉर्पर देतो आणि इजा फक्त 20 ची करतो. म्हणजे सुमारे 37 बाणांत तो आडवा होतो आणि तोवर त्याची तब्येत साडेसातशेच्या आतबाहेरच उतरलेली असते. पहिल्याच लेव्हलच्या रेक्सची तब्येत 1100 असते, त्यामुळे एवढं त्याला सहज पचतं. मग मेला कशाने? राप्टर 'तुमच्या लक्ष्यावर हल्ला' या मोडवर असेल तर तुम्ही बाण मारलेल्या जनावराला तो चावत राहतो. ते आडवं पडलं तरी त्याला थांबायचं कळत नाही. शिवाय बेशुद्ध जनावराला झालेल्या प्रत्येक इजेने टेमिंग इफेक्टिव्हनेस (टेमिंग किती चांगलं झालं याचा टक्का) घसरतो, म्हणजे तो वाचला असता तरी हाती कमी लेव्हलचाच आला असता. बाण काढण्याआधी सोबतच्या सगळ्या प्राण्यांना पॅसिव्ह करा (हल्ला न करण्याच्या मोडवर ठेवा), किंवा तळावरच ठेवून या.

आणखी एक शक्यता आहे. मांस ठेवून तुम्ही बराच वेळ लांब गेला असाल तर ते सडून खराब मांस झालेलं असेल. ते रेक्स खात नाही. फूड शून्यावर गेलं की मग तब्येत उतरायला लागते. सिंगल प्लेयरमध्ये गेम बंद केला की टेमिंगही थांबतं, म्हणून रात्री बंद करून झोपलात तर त्याने काही बिघडत नाही. पण गेम चालू ठेवून जेवायला गेलात, तर तिकडे मांस सडत असतं आणि टॉर्पर उतरत असतो. (लाइट गेली तर काय, हा आपल्याकडचा खास प्रश्न. शेवटचं सेव्ह झालं असेल तिथून पुढे, त्यामुळे लोडशेडिंगच्या वेळा माहीत असतील तर त्या टाळूनच मोठं टेमिंग काढा.)

धनुष्यापेक्षा क्रॉसबो घ्या. तोच बाण क्रॉसबोमधून 157.5 टॉर्पर देतो. इजाही जास्त होते, पण बाण जवळजवळ निम्म्यावर येतात. बाण मारण्याची घाईही करू नका. बाणातली गुंगी काही अंशी लगेच आणि उरलेली पुढच्या पाचेक सेकंदांत चढते, त्यामुळे मध्ये थोडं थांबलात तर शेवटचे चार बाण वाया जात नाहीत. रेक्स अंगावर यायचं सोडून पाठ फिरवून पळू लागला की तो पडण्याच्या बेतात आहे असं समजा. हाच क्षण सगळ्यात वाईट, कारण तो पळत जंगलात शिरतो आणि तिथे कार्नोसारखा शिकारी डायनासोर नाहीतर दुसरा रेक्स असतो. म्हणून उघड्यावर खेळू नका. तो चढू शकणार नाही अशा उंच खडकावरून मारा, किंवा दगडी डायनासोर गेटवेंची अरुंद चौकट उभारून त्याला आत ओढा. लाकडाची चौकट बांधू नका, रेक्स लाकूड फोडतो. दगड त्याच्याने फुटत नाही.

डोक्यावर मारा, असं सगळे सांगतात आणि रेक्सच्या बाबतीत ते बरोबरही आहे. पण ट्रायसेराटॉप्सवर तोच प्रयोग केलात तर बाण संपतील आणि तो उभाच राहील. त्याच्या डोक्याला इजा कमी होते, म्हणून त्याच्या अंगावर, बाजूने मारा. कासवाच्या पाठीचंही तसंच, कवच सोडून मारायचं. याउलट डोडो, डायलो, टेरानोडॉन ही नाजूक मंडळी. त्यांच्या डोक्यात बाण बसला तर गुंगी चढण्याआधी जीवच जातो. टेरानोडॉनला बोला (अडकवणारी दोरी) फेकून खाली आणा आणि मग लाकडी सोट्याने झोपवा. डोडोला तर नुसते गुद्दे पुरतात.

मांसाबद्दल थोडं. कच्चं मांस चालतं, पण रेक्सच्या पसंतीत ते बरंच खाली आहे. प्राइम मीटचा एक तुकडा कच्च्या मांसाच्या साधारण तीन तुकड्यांचं काम करतो, मेंढीचं मटण त्याहून थोडं सरस आणि सगळ्यात वर एक्सेप्शनल किबल (अंड्यापासून बनवलेलं खास खाद्य). जुन्या व्हिडिओंत 'रेक्सला अमुक जनावराच्या अंड्याचं किबल' असं सांगितलेलं दिसेल, तिकडे लक्ष देऊ नका. 2019 मध्ये किबलची पद्धत बदलली. आता बेसिक ते एक्स्ट्राऑर्डिनरी अशा सहा पायऱ्या आहेत आणि तुमच्या लेव्हलला एक्सेप्शनलचा नाद नको. प्राइम मीट मात्र मिळवा. ते फार लवकर सडतं, म्हणून आधी रेक्सला पाडून पोट रिकामं होऊ द्या, मग शिकार करून ताजं प्राइम आणून टाका, तो एकामागून एक खातो. पोट असं मुद्दाम रिकामं ठेवून शेवटी एकदम खाऊ घालण्याला खेळाडू स्टार्व्ह टेमिंग म्हणतात. सर्व्हरवर खेळणारे ते मुख्यतः महागडं किबल वाया जाऊ नये म्हणून करतात. फक्त फूड शून्याला टेकू देऊ नका.

चांगल्या खाण्याचा फायदा शेवटी लेव्हलमध्ये दिसतो. इफेक्टिव्हनेस 100 टक्के राहिला तर जनावराला त्याच्या लेव्हलच्या निम्म्याइतक्या जादा लेव्हल मिळतात. वीसच्या रेक्सला दहा. कच्च्या मांसावर प्रत्येक घासागणिक इफेक्टिव्हनेस थोडा थोडा घसरतो, त्यामुळे दहाच्या जागी काही कमीच येतील. वीसच्या रेक्ससाठी यावर फार डोकं लावू नये असं माझं मत आहे. 150 लेव्हलचा सापडेल तेव्हा बघू.

आता तुम्हाला न आवडणारी गोष्ट. रेक्सचं सॅडल 74 व्या लेव्हलला शिकता येतं. तुम्ही 41 वर आहात. म्हणजे तो टेम झाला तरी बरेच दिवस तळावर नुसता उभा राहील आणि तुमचं मांस खाईल. राखणीला बरा, पण त्यावर बसून फिरायचं असेल तर आज त्याच्यामागे लागण्यात अर्थ नाही. मी तुमच्या जागी असतो तर आधी ट्रायसेराटॉप्स घेतला असता. त्याचं सॅडल 16 व्या लेव्हलला मिळतं, तो मेजोबेरीवर टेम होतो आणि नंतर झुडपांतून बेऱ्या अशा ओरबाडतो की तुमच्या पेट्या भरतील. त्यात नार्कोबेऱ्या ढिगाने येतात. पाच नार्कोबेऱ्या आणि एक खराब मांस खलबत्त्यात टाकलं की एक नार्कोटिक. खराब मांस लवकर हवं असेल तर कच्च्या मांसाचा ढीग तसाच न ठेवता एकेक तुकडा वेगळा करा. ढिगातलं एका वेळी एकच सडतं, सुटे तुकडे सगळे बरोबर सडतात. मग टेरानोडॉन, त्याचं सॅडल 38 ला, म्हणजे तो तुम्हाला आजच मिळू शकतो. वरून उडत फिरलात की चांगल्या लेव्हलचे रेक्स शोधणं आणि दगडी सापळ्यासाठी जागा हेरणं, दोन्ही सोपं होतं.

वेळ फार जातोय असं वाटत असेल तर सिंगल प्लेयरच्या सेटिंगमध्ये टेमिंग स्पीडची पट्टी आहे, ती दुप्पट-तिप्पट करा. यात फसवणूक वगैरे काही नाही. मूळ वेग टोळीने पाळी लावून खेळणाऱ्यांना सोसतो, एकट्या नोकरदार माणसाला नाही. दहापट केलीत तर मात्र दोन दिवसांत सगळी जनावरं गोळा होतील आणि पुढे काय करायचं हा प्रश्न पडेल. आणि अल्फा राप्टर, अल्फा रेक्स, पिरान्हा यांच्यावर ट्रँक ॲरो वाया घालवू नका. ते कोणत्याही सेटिंगवर टेम होत नाहीत.

राहिलं माकड, म्हणजे मेसोपिथेकस. त्याला पाडायचं नाही, ते पॅसिव्ह टेम आहे, जागेपणीच हातातून खाऊ घालायचं. बेरी हॉटबारच्या (पडद्याच्या तळाशी असलेल्या वस्तूंच्या पट्टीच्या) शेवटच्या, म्हणजे 0 क्रमांकाच्या खान्यात ठेवा. दुसऱ्या कुठल्याही खान्यातली ते घेत नाही, आणि माझ्या अंदाजाने तुमचं तिथेच अडलंय. हळू चालत जवळ जा, 'ई'चा पर्याय दिसला की एकदा द्या, मग मागे सरून त्याला पुन्हा भूक लागेपर्यंत थांबा. ते बुजून पळत असेल तर घिली सूट (झाडाझुडपांत लपवणारा पोशाख) घाला. राप्टरला मात्र त्या बाजूला आणू नका.