वाचकांचे प्रश्न : चळवळ एकच का?

प्रश्न : समलिंगी व्यक्तींचा प्रश्न कोणावर प्रेम करावे याचा, तर ट्रान्सजेंडर व्यक्तींचा स्वतःच्या ओळखीचा. मग अमेरिकेत दोघांची चळवळ एकत्र कशी आली?

उत्तर : तुम्ही केलेला भेद योग्यच आहे; मात्र तिथल्या पोलिसांनी तो कधी मानला नाही. स्त्रीवेशातील ‘पुरुष’ आणि समलिंगी पुरुष त्यांच्या लेखी एकाच माळेचे मणी होते, आणि दोघांनाही आसरा देणाऱ्या जागा मोजक्याच होत्या. सॅन फ्रान्सिस्कोतील कॉम्प्टन्स कॅफेटेरियात ऑगस्ट १९६६ मध्ये धरपकडीला विटलेल्या ट्रान्स स्त्रियांनी कपबश्या आणि साखरेची भांडी भिरकावून प्रतिकार केला, तोही न्यूयॉर्कमधील स्टोनवॉल या समलिंगींच्या बारमध्ये पोलिसांविरुद्ध झालेल्या गाजलेल्या उठावाआधी तीन वर्षे.

एकत्र येणे मात्र सुखाचे नव्हते. मार्शा जॉन्सन यांच्यासह १९७० मध्ये बेघर तरुणांसाठी ‘स्टार’ ही संघटना उभारणाऱ्या ट्रान्स कार्यकर्त्या सिल्व्हिया रिव्हेरा १९७३ च्या न्यूयॉर्कमधील समलिंगी हक्कांच्या मेळाव्यात बोलायला उभ्या राहिल्या, तेव्हा आपल्याच म्हणवणाऱ्या गर्दीने त्यांची हुर्यो उडवली. त्या तुरुंगातल्या सोबत्यांविषयी बोलत होत्या. प्रतिष्ठेची आस लागलेल्यांना ते अडचणीचे वाटले असावे, असे माझे मत. पुढे न्यूयॉर्क राज्याने २००२ मध्ये लैंगिक कलावरून होणाऱ्या भेदभावाविरुद्ध कायदा केला, त्यातून लिंगओळख वगळली गेली. ती त्रुटी २०१९ मध्ये भरून निघाली. रिव्हेरा २००२ च्या फेब्रुवारीतच वारल्या होत्या.