वाचकांचे प्रश्न : चित्रकार की चित्रपटकार?

प्रश्न : माझी मुलगी मुंबईत चित्रकला शिकली, पण आता कॅनव्हास बाजूला ठेवून लघुपट करते आणि अंधाऱ्या खोलीत भिंतींवर हलती चित्रे पाडते. नलिनी मालानी हे तिचे दैवत. या बाईंना चित्रकार म्हणायचे की चित्रपटकार? आणि अशा कामावर निभाव लागतो का?
— एक वाचक, कुडाळ

उत्तर : १९४६ मध्ये कराचीत जन्मलेल्या मालानी जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये चित्रकलाच शिकल्या. १९६९ मध्ये चित्रकार अकबर पदमसी यांनी स्वतःला मिळालेल्या नेहरू फेलोशिपच्या पैशांतून मुंबईत ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’ सुरू केले आणि चित्रकारांच्या हाती कॅमेरा दिला. तिथे मालानींनी वास्तुरचनेची छोटी प्रतिकृती चौकटीमागून चौकट टिपून रंगीत चलत्‌चित्र केले. पुढे १९७६ मध्ये, मुंबईकडे पाहणाऱ्या तरुणीच्या कृष्णधवल चित्रणाशी त्याची जोडी लावून ‘यूटोपिया’ साकारली. नंतर मात्र दीर्घकाळ त्यांची ओळख चित्रकार म्हणूनच राहिली. व्हिडिओकडे त्या वळल्या ते नव्वदच्या दशकात, आणि १९९८ च्या पोखरण अणुचाचण्यांनंतर सादत हसन मंटोंच्या ‘टोबा टेक सिंग’ या फाळणीवरील कथेवरून त्यांनी जे मांडणशिल्प केले, त्यात चित्रकार आणि चित्रपटकार वेगळे काढताच येत नाहीत. त्यांना कोणत्या खान्यात बसवावे, याची चिंता समीक्षकांनी करावी.

त्यांची छायानाट्ये तर आपल्याला परकी वाटू नयेत. मायलार या पारदर्शक प्लास्टिकच्या नळकांड्यांवर उलट्या बाजूने रंगवलेल्या आकृती छताला टांगून फिरवत ठेवल्या जातात, प्रोजेक्टरचा झोत त्यांतून आरपार जातो आणि व्हिडिओतील प्रतिमा व आकृतींच्या सावल्या भिंतीवर एकमेकींत मिसळतात. आपल्या कुडाळजवळच्या पिंगुळीत ठाकर कलावंत चामड्याच्या बाहुल्यांचा खेळ करतात, तेव्हा दिवा पडद्यामागे असतो आणि प्रेक्षक पुढे बसतो. मालानींच्या दालनात प्रेक्षक झोताच्या वाटेतच येतो, त्यामुळे त्याचीही सावली खेळात शिरते. मुलीने पिंगुळीचा खेळ पडद्याच्या मागून पाहिला नसेल, तर तो अवश्य पाहावा.

निभावाचे म्हणाल, तर खात्री कोणीच देणार नाही. अशा कामाला तिकीटबारी नसते. संग्रहालयांनी विकत घेतलेल्या मर्यादित प्रती, प्रदर्शनांसाठी सांगून करवून घेतलेली कामे, शिष्यवृत्त्या आणि बऱ्याचदा अध्यापन, यांवर संसार चालतो. मालानींना २०१२ मध्ये जर्मनीतील कासेलच्या ‘डॉक्युमेंटा’ या समकालीन कलेच्या प्रदर्शनात स्थान मिळाले, २०२३ मध्ये जपानचा क्योतो पुरस्कार मिळाला, पण तोवर पहिल्या चलत्‌चित्रांना चार-पाच दशके उलटली होती.

एक व्यवहाराची गोष्ट मात्र आजच करण्यासारखी आहे. पदमसींच्या ‘इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर’ या लघुपटाची एकुलती एक प्रत गहाळ झाली. तेव्हा प्रत्येक फाइलच्या दोन प्रती दोन वेगळ्या डिस्कवर ठेवण्यास मुलीला सांगा, आणि त्यांतली एक डिस्क कुडाळला आपल्या कपाटात राहू द्या. फक्त पावसाळ्यातल्या दमट हवेपासून ती हवाबंद डब्यात जपावी लागेल.