दोन्ही हातांनी धरलेला पेला

प्रिय,

अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र मिळालं. सादरीकरणाच्या दिवशी पोट बिघडल्याचं कळवून तू घरी राहिलास, तेव्हाच मला शंका आली होती. विचारलं नाही, कारण विचारलं असतं तर तू आणखी आत गेला असतास. आता तूच लिहिलं आहेस, म्हणून मीही मोकळेपणी लिहिते.

पत्रातलं एक वाक्य माझ्या मनातून जात नाही: ‘माझा स्वभावच असा आहे आणि स्वभावाला औषध नसतं.’ म्हण खरी असेल, पण ती इथे लागू नाही. वाजणारा फोन थांबेपर्यंत त्याच्याकडे बघत बसणं, उत्तर येत असूनही वर्गात तोंड न उघडणं, ओळखीचे चार लोक दिसले की रस्ता बदलणं, रात्री अंथरुणावर दिवसभरातलं आपलं एकेक वाक्य उकरून काढणं, याला स्वभाव म्हणत नाहीत. याला सामाजिक चिंता विकार म्हणतात, लोकांच्या तोंडी सोशल अँग्झायटी. तो बरा करता येतो.

तो स्वभाव का वाटतो, तेही सांगते. तो बहुतेकांना तेराव्या-चौदाव्या वर्षाच्या आसपास जडतो. त्याच वयात माणूस ‘मी कोण’ हे ठरवत असतो, त्यामुळे आजार आणि आपण यांच्यातली शिवण दिसेनाशी होते. घरचेही ‘आमचा हा जरा बुजरा आहे’ म्हणून सोडून देतात. डॉक्टरांनीही बराच काळ तेच केलं. फ्रेंच मानसशास्त्रज्ञ पियेर झाने यांनी १९०३ मध्ये या भीतीला नाव दिलं होतं. पण इतर भयगंडांपासून तिला वेगळं काढलं ते आयझॅक मार्क्स आणि मायकेल गेल्डर यांनी १९६६ मध्ये, आणि अमेरिकन मानसोपचार संघटनेच्या वर्गीकरणात तिला जागा मिळाली १९८० साली. तेव्हा तुला आजवर हे कुणी सांगितलं नाही, यात तुझा काही दोष नाही.

बुजरा माणूस नव्या घोळक्यात अवघडतो, पण थोड्या वेळानं रुळतो. या आजारात रुळणं होतच नाही. सहा महिने किंवा त्याहून जास्त काळ, लोक आपल्याला पारखतील आणि आपली फजिती होईल अशी धास्ती वाटते, त्यापायी माणूस गोष्टी टाळतो किंवा जीव मुठीत धरून त्या उरकतो, आणि शिक्षण, काम, मैत्री यांना खीळ बसते. डॉक्टर साधारण हेच बघतात. तू दोन वर्षांत किती गोष्टी सोडल्यास ते पत्रात तूच मोजून लिहिलं आहेस.

आता माझी गोष्ट. बावीस वर्षांची असताना मी चारचौघांत पाणी पिताना पेला दोन्ही हातांनी धरायचे, तोही अर्धाच भरलेला. हात कापला तर पाणी सांडेल, सांडलं तर सगळे बघतील, बघितलं की त्यांना कळेल ही किती घाबरलीय. म्हणून कोपरं अंगाशी चिकटवायची, पेला तळव्यांत आवळायचा, घाईनं दोन घोट घ्यायचे आणि ठेवून द्यायचा. हे पत्र बाजूला ठेवून एवढं करून बघ: एक पेला हातात घे, सगळा जोर लावून आवळ आणि तसाच अर्धा मिनिट धरून ठेव. हात कापायला लागतो. जे लपवायला मी पेला आवळत होते, ते त्या आवळण्यानंच वाढत होतं. शिवाय पाणी सांडलं नाही की मन म्हणायचं, घट्ट धरला म्हणून आज निभावलं. नुसता हातात धरला असता तर काय झालं असतं, हे मला कित्येक वर्षं कळलंच नाही.

डेव्हिड क्लार्क आणि एड्रियन वेल्स या ब्रिटिश मानसशास्त्रज्ञांनी १९९५ मध्ये या आजाराची जी मांडणी केली, तिच्या मुळाशी हेच आहे. अशा युक्त्यांना ते सुरक्षा वर्तन म्हणतात. तुझ्याही आहेत. बोलण्याआधी वाक्य मनात तीनदा घोळवणं, सतत मोबाइलमध्ये डोकं घालणं, घाम दिसू नये म्हणून उकाड्यात जाड कपडे घालणं, दुसऱ्याला प्रश्न विचारत राहणं म्हणजे स्वतःबद्दल बोलावं लागत नाही. दीर्घ श्वास घेणंसुद्धा यात येऊ शकतं, जर ‘आता श्वास मोजला नाही तर माझं काही खरं नाही’ असं वाटत असेल तर. या युक्त्या भीतीला खोटं पडूच देत नाहीत.

दुसरा भाग लक्षाचा. घाबरल्यावर आपलं सगळं लक्ष आत वळतं. छातीतली धडधड, तोंडाची कोरड, कानशिलांची आग. आत जेवढं जाणवतं तेवढंच बाहेर दिसत असणार, असं आपण धरून चालतो. समोरच्याचा चेहरा मात्र आपण पाहिलेलाच नसतो.

माझ्यावर उपचार करणाऱ्या मानसशास्त्रज्ञांनी एके दिवशी मला एका अनोळखी व्यक्तीशी पाच मिनिटं बोलायला लावलं आणि त्याचं चित्रण केलं. ते दाखवण्याआधी त्यांनी मला कागद दिला: ‘काय दिसेल ते आधी लिहा.’ मी लिहिलं, चेहरा लालभडक, हात थरथरताहेत, आवाज फुटत नाही. मग म्हणाले, ‘आता पडद्यावरच्या बाईकडे परक्या माणसासारखं बघा. तिला आत काय वाटत होतं ते विसरा, फक्त दिसतं ते बघा.’ पडद्यावर होती एक मुलगी, गालांवर थोडी लाली असलेली. हात मांडीखाली दाबलेले. नजर जमिनीवर, आणि पाठ केलेली वाक्यं इतक्या भरभर म्हणत होती की समोरच्या बाईंनी दोनदा काही विचारायला तोंड उघडलं आणि मिटलं. थरथर कुठेच नव्हती. खटकलं ते हे की ती मुलगी तुटक वाटत होती, जणू तिला समोरच्याशी बोलायचंच नाही. लोक माझ्यापासून चार हात लांब राहायचे ते माझ्या भीतीमुळे असं मी समजत होते. ते लांब राहायचे माझ्या बंदोबस्तामुळे. नंतर तेच संभाषण पुन्हा केलं, वाक्यं पाठ न करता, हात मोकळे ठेवून आणि सगळं लक्ष त्या बाई काय सांगताहेत याकडे देऊन. पोटात गोळा आलाच होता. पण पाच मिनिटं संपल्याचं मला कळलं नाही.

लोकांचं आपल्याकडे किती लक्ष असतं, याचाही एक प्रयोग आहे. थॉमस गिलोविच आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तो २००० साली प्रसिद्ध केला. विद्यार्थ्याला अंगात घालायला लाज वाटेल असा, एका गायकाचा चेहरा छापलेला टी-शर्ट घालून इतर विद्यार्थी बसलेल्या खोलीत पाठवायचं आणि मग विचारायचं, किती जणांनी ओळखलं असेल? टी-शर्ट घातलेल्यांचा अंदाज असायचा जवळजवळ निम्म्यांनी. प्रत्यक्षात ओळखलेलं असायचं साधारण चौघांतल्या एकानं. ‘कुणीच बघत नाही’ असं मी तुला सांगणार नाही, ते खोटं होईल. तो एक जण बघतो, आणि आपल्या कामाला लागतो.

उपचार यातूनच उभा राहतो. त्याला बोधात्मक वर्तन उपचार म्हणतात, सगळे सीबीटी म्हणतात. ब्रिटनच्या ‘नाइस’ या संस्थेनं २०१३ मध्ये दिलेल्या मार्गदर्शक सूचनांत प्रौढांसाठी पहिला उपाय म्हणून, या आजारासाठी खास घडवलेला सीबीटीच सुचवला आहे. तोही गटात नव्हे, एकेकट्यानं घ्यायचा. क्लार्क-वेल्स पद्धतीत साधारण दीड तासाची चौदाएक सत्रं होतात. दात-ओठ खाऊन गर्दीत उडी मारणं म्हणजे सीबीटी नव्हे. ते तू केलंस आणि आणखी खचलास, असं लिहिलं आहेस. खचणारच, कारण उडी मारतानाही सगळ्या युक्त्या बरोबर होत्या. इथे प्रत्येक वेळी आधी नेमकं भाकीत लिहायचं, एक युक्ती मुद्दाम सोडायची, लक्ष बाहेर ठेवायचं आणि काय घडलं ते भाकिताशी ताडून बघायचं. ‘वाईट होईल’ हे भाकीत नव्हे. ‘मी बोलताना पाच सेकंद थांबलो तर तिघंही एकमेकांकडे बघून हसतील’ हे भाकीत. मग खरंच पाच सेकंद थांबायचं आणि त्यांच्या चेहऱ्यांकडे बघायचं. रात्री उकरणं सुरू झालं की स्वतःला एकच प्रश्न विचार: हे मी पाहिलं-ऐकलं, की मला तसं वाटलं? वाटलेलं पुरावा म्हणून धरू नकोस.

गोळ्यांबद्दल विचारलं आहेस. मित्रानं दिलेली गोळी फेकून दे, हे मी अगदी कळकळीनं सांगते. ती अल्प्राझोलामसारखी असेल तर तासाभरात भीती उतरते, म्हणूनच तिची सवय लागते. प्रोप्रानोलोल धडधड आणि कंप कमी करतं, एखाद्या कार्यक्रमापुरतं डॉक्टर ते देतातही. पण दमा असलेल्याला ते धोक्याचं आहे आणि रोजच्या सामाजिक भीतीवर तो इलाज नाही. खरी औषधं वेगळी: सर्ट्रालिन, एसिटालोप्राम, पॅरोक्सेटिन. त्यांचा गुण यायला काही आठवडे लागतात आणि ती मनानं बंद करायची नसतात. पंचविशीच्या आतल्या काही जणांमध्ये सुरुवातीला बेचैनी वाढते, मनात जिवाचं बरंवाईट करण्याचे विचार येऊ शकतात. म्हणून पहिल्या आठवड्यांत डॉक्टरांना वरचेवर भेटावं लागतं. औषध घेणं ही हार नव्हे. मी दीड वर्ष घेतलं. दारूचा आधार मात्र नको. या आजाराचे कितीतरी लोक तिच्यामुळे दुसऱ्या खड्ड्यात पडतात.

आपल्याला पॅनिक डिसऑर्डर तर नाही ना, असं तुला वाटतंय. त्यात झटका अवचित येतो आणि भीती त्या झटक्याचीच असते, आता जीव जातो की काय अशी. तुझी भीती लोकांच्या नजरेची आहे. एकटा असलास की ती नसते. मला जास्त काळजी वाटते ती पत्राच्या शेवटच्या ओळीची, ‘हल्ली कशातच राम वाटत नाही’. सामाजिक चिंतेत माणसाला माणसं हवी असतात, जवळ जाता येत नाही म्हणून तो झुरतो. ती हवीशीच वाटेनाशी झाली, झोप-भूक बिघडली, तर वरून नैराश्य आलं असण्याची शक्यता असते. ते या आजाराबरोबर पुष्कळदा येतं आणि त्यावरही उपचार आहेत. स्पष्ट विचारते, मरून जावं असं मनात येतं का? येत असेल तर भेटीच्या तारखेची वाट बघू नकोस. आजच घरात कुणाला तरी सांग, मला सांग, नाहीतर सरळ जवळच्या रुग्णालयात जा.

आणि मनोविकारतज्ज्ञांची वेळ घे. तिथे गेल्यावर बोलणं सुचणार नाही, हे मला ठाऊक आहे. मला पहिल्या भेटीत ‘झोप येत नाही’ एवढंच सांगता आलं होतं, आणि त्यांनी झोपेचंच औषध दिलं. तू मला लिहिलेलं हेच पत्र घेऊन जा आणि त्यांच्या हातात दे. सीबीटीसाठी कुणाकडे पाठवाल, हेही विचार.

वेळ ठरली की मला कळव, पण लिहून नको. मंगळवारी संध्याकाळी सातनंतर फोन कर. काय बोलायचं ते आधी कागदावर उतरवू नकोस, आवाज कापला तर कापू दे. मी उचलते.

तुझी,
ताई