पहिल्यांदा व्हेज टॅको सॅलड, म्हणजे ते मेक्सिकन चवीचं सॅलड, करतेयस ना?
अगं सोयाचा खिमा राहू दे, पहिल्यांदा राजमाच घे, रात्रभर भिजव, ते पाणी ओतून टाक आणि नवीन पाण्यात कुकरला अगदी मऊ शिजव, कच्चट राजमा पोटाला बाधतो म्हणजे बाधतोच. मग कांदा-लसणीवर जिरेपूड, लाल तिखट, थोडा ओरेगानो घालून कोरडा परत, पाणी राहिलं तर सगळं पचपचीत होतं. मालवणी मसाला नको हं, त्यातली बडीशेप-लवंग चव भलतीकडे नेते. लेट्यूस रत्नागिरीत कधीही मिळेलच असं नाही, कोबी बारीक चिरून बर्फाच्या पाण्यात १० मिनिटं ठेव, मस्त कुरकुरीत. वर टोमॅटो, मक्याचे दाणे, दही, लिंबू. नाचोज, म्हणजे मक्याचे कुरकुरीत चिप्स, मात्र वाढतानाच चुरड, आपल्या दमट हवेत लगेच सादळतात, सादळलेच तर तव्यावर मंद आचेवर गरम कर.